उल्हास नदीचे पूर आणि कल्याण : भरतीच्या सीमेवरील एका नगराचा जलेतिहास

२६ जुलै २००५ या दिवशी मुंबई व तिच्या परिसरात झालेल्या अतिवृष्टीचा उल्लेख बहुधा मिठी नदी आणि मुंबई नगरी यांच्या संदर्भातच केला जातो. त्याच दिवशी व त्या रात्री उल्हास नदीच्या खोऱ्यातील बदलापूर, उल्हासनगर, कल्याण, टिटवाळा या भागांत जो जलप्रलय झाला, त्याची नोंद त्या मानाने त्रोटक राहिली. या घटनेचे वर्णन ‘अभूतपूर्व’ या एका विशेषणाने करून तिचा विचार संपविण्याची प्रवृत्ती सर्वत्र आढळते. तथापि ज्या नगराचा ज्ञात इतिहास दोन हजार वर्षांच्या घरात जातो, त्याच्या संबंधात हे विशेषण जपून वापरावयास हवे. त्या दिवशी पडलेला पाऊस अपूर्व असेल. पण पाणी ज्या वाटांनी आले, ज्या ठिकाणी तुंबले आणि ज्या कारणांमुळे ओसरेनासे झाले, त्या वाटा, ती ठिकाणे आणि ती कारणे यांतील एकही नवीन नव्हते. कल्याणच्या पुराचा इतिहास हा कल्याणच्या स्थानाचाच इतिहास होय, आणि तो ध्यानात घेतल्याविना संरक्षणाचा कोणताही उपाय अपुराच ठरेल, हे दाखविणे हा प्रस्तुत निबंधाचा हेतू आहे.

(१) नगराचे स्थान

उल्हास नदी राजमाचीच्या डोंगररांगेत, बोरघाटाच्या उत्तरेस उगम पावते. कर्जत, नेरळ, वांगणी, बदलापूर या गावांजवळून वाहत ती कल्याणला येते, आणि पुढे ठाण्याच्या उत्तरेकडून वळसा घेऊन वसईच्या खाडीवाटे समुद्रास मिळते. तिची लांबी सुमारे १२२ किलोमीटर असून पाणलोट क्षेत्र साडेचार हजार चौरस किलोमीटरांहून अधिक आहे. बदलापूरच्या परिसरात बारवी नदी तिला मिळते. हरिश्चंद्रगड-माळशेजच्या बाजूने येणारी काळू नदी भातसेचे पाणी घेऊन टिटवाळ्यावरून कल्याणच्या वरच्या अंगास उल्हासला येऊन मिळते. याचा अर्थ असा की, सह्याद्रीच्या माथ्यावरील एका विस्तीर्ण पट्ट्यात पडणारा पाऊस अनेक मुखांनी निघून अखेरीस एकाच नगराच्या दारात एकत्र येतो.

दुसरी गोष्ट याहूनही महत्त्वाची आहे. समुद्राच्या भरतीचा प्रभाव खाडीतून वर सरकत कल्याणपर्यंत पोहोचतो. येथे नदी संपते आणि खाडी सुरू होते. प्राचीन काळी कल्याणला जे वैभव लाभले ते नेमके याच कारणाने. भरतीबरोबर गलबते कल्याणच्या बंदरापर्यंत येत आणि ओहोटीबरोबर परत जात. आणि येथूनच मुरबाडमार्गे नाणेघाट चढून जुन्नर व त्यापलीकडील देशावर जाणारा व्यापारी मार्ग सुरू होई. समुद्रमार्ग आणि घाटमार्ग यांचा असा सांधा उत्तर कोकणात फार थोड्या ठिकाणी आढळतो.

इसवी सनाच्या पहिल्या शतकातील ‘पेरिप्लस’ या ग्रीक प्रवासवर्णनात ‘कल्लिएन’ या नावाने कल्याणचा निर्देश आहे. सातवाहनांच्या अमदानीत हे अधिकृत व्यापारी बंदर होते व पुढे सत्तांतरानंतर येथील व्यापारास अडथळा करण्यात आला, असे त्यात नमूद आहे. कान्हेरीच्या लेण्यांतील लेखांत दान देणाऱ्या कल्याणकरांचा उल्लेख येतो. सहाव्या शतकातील कॉस्मस या प्रवाशानेही ‘कल्लिआना’ची नोंद केली आहे. पुढे १६५७ साली शिवाजी महाराजांनी कल्याण व भिवंडी काबीज केल्यावर याच खाडीच्या आश्रयाने मराठी आरमाराच्या जहाजबांधणीस आरंभ झाला, आणि खाडीकाठच्या टेकडीवर दुर्गाडीचा किल्ला उभा राहिला.

हा सर्व वैभवाचा इतिहास सांगताना एक गोष्ट सहसा सुटते. ज्या ठिकाणी भरतीचे पाणी जहाजाला नगरापर्यंत आणते, त्याच ठिकाणी ते पुराच्या पाण्याला समुद्रापर्यंत जाऊ देत नाही. बंदराचा लाभ आणि पुराचे भय ही एकाच कारणाची दोन फळे आहेत. दुर्गाडीचा किल्ला ज्या टेकडीवर आहे ती टेकडी शत्रूच्या जहाजांवर नजर ठेवण्यासाठी जितकी उपयोगी, तितकीच पाण्याच्या कक्षेबाहेर राहण्यासाठीही उपयोगी होती, हे सहज ध्यानात येण्यासारखे आहे.

(२) पाऊस आणि भरती

कल्याणच्या पुराची रीत समजून घेण्यासाठी पावसाचे व भरतीचे गणित स्वतंत्रपणे मांडावे लागते. एक चौरस किलोमीटर क्षेत्रावर एक मिलिमीटर पाऊस पडला म्हणजे एक हजार घनमीटर पाणी जमा होते. या हिशेबाने शंभर चौरस किलोमीटरांच्या छोट्याशा प्रदेशावर शंभर मिलिमीटर पाऊस पडला तरी एक कोटी घनमीटर पाणी होते. उल्हासचे खोरे याच्या चाळीस पटींहून मोठे आहे, आणि सह्याद्रीच्या माथ्यावर एका दिवसात शंभर मिलिमीटर पाऊस ही पावसाळ्यात नवलाची गोष्ट नव्हे. जमीन मुळात भिजून तृप्त झालेली असेल तर यातील बहुतांश पाणी नदीतच उतरते. घाटमाथा ते खाडी हे अंतर थोडे आणि उतार तीव्र असल्याने ते काही तासांतच खाली येते. गंगा किंवा गोदावरी यांच्या पुराची वार्ता खालच्या गावांना दिवस दोन दिवस आधी कळू शकते. कोकणातील नद्यांच्या बाबतीत ही सवलत निसर्गाने दिलेली नाही.

भरतीचे गणित निराळे आहे. एका भरतीपासून दुसऱ्या भरतीपर्यंत सुमारे साडेबारा तास जातात. त्यामुळे भरतीची वेळ दररोज सुमारे पाऊण तास ते एक तास पुढे सरकते. अमावास्या व पौर्णिमा यांच्या सुमारास उधाण येते आणि अष्टमीच्या सुमारास भांगाची, म्हणजे लहान भरती असते, हे किनाऱ्यावरील कोळी आणि आगरी समाजाला घड्याळाविना ठाऊक होते. मुंबईच्या किनाऱ्यावर उधाणाचे पाणी साडेचार ते पाच मीटरांपर्यंत चढते. हे पाणी खाडीतून वर येत असता नदीच्या प्रवाहास उतार उरत नाही. प्रवाह मंदावतो, आणि मागून येणारे पाणी दोन्ही काठांवर पसरते. ओहोटी लागली की वाट मोकळी होते. म्हणजेच घाटातील मुसळधार पावसाचे पाणी कल्याणला भरतीच्या वेळी पोहोचले की ओहोटीच्या वेळी, यावर पुराची उंची अवलंबून राहते. एकच पाऊस एके दिवशी निभावून जातो आणि दुसऱ्या दिवशी अनर्थ करतो, याचे रहस्य येथे आहे.

या ज्ञानाचा उपयोग खाडीकाठच्या शेतकऱ्याने शतकानुशतके केला. ठाणे व कुलाबा या जुन्या जिल्ह्यांत खाजणाची जमीन मातीच्या बांधांनी समुद्रापासून तोडून तीत भाताची शेती करण्याची पद्धत प्राचीन आहे. या बांधांत ठिकठिकाणी ‘उघाडी’ ठेवलेली असे. बाहेरचे पाणी चढले की तिचे दार त्या पाण्याच्या दाबानेच मिटे, आणि ओहोटीत आतील पाण्याच्या दाबाने उघडे. खारे पाणी आत येत नसे व पावसाचे पाणी आत साचून राहत नसे. बांधाला खांड पडली की सारे गाव ती बुजविण्यास धावे, कारण एकाच्या आळसाने सर्वांची शेते खारावत. शिलोत्री वतनाच्या पद्धतीत तर बांध राखण्याची जबाबदारी आणि त्यासाठी कसणाऱ्यांकडून घ्यावयाची धान्यपट्टी यांची सांगड घातलेली होती. पुढे १९४८ साली मुंबई राज्यात खार जमिनींविषयी कायदा झाला आणि १९७९ साली महाराष्ट्राने त्या जागी खार जमीन विकासाचा नवा कायदा केला. पण त्यामागील तत्त्व जुनेच होते. ते असे : बांध बांधणे हे एकदाचे काम आहे, तो राखणे हे दरवर्षीचे काम आहे, आणि राखण्याचा खर्च कोणी करावयाचा हे आधी ठरले पाहिजे.

या व्यवस्थेचा आणखी एक विशेष असा की, खाजणाचे शेत बुडाले तरी घर बुडत नसे. शेते सखल भागात आणि वस्ती उंचवट्यावर, अशी विभागणी सर्वत्र होती. पुराला जागा देऊन त्याच्याशी सहवास करण्याची ही रीत होती.

(३) लोहमार्ग व नगराचा विस्तार

१६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर ते ठाणे या मार्गावर पहिली आगगाडी धावली, आणि १ मे १८५४ रोजी हा मार्ग कल्याणपर्यंत येऊन पोहोचला. येथून त्याच्या दोन शाखा झाल्या. एक कसारा व थळघाटाकडे गेली, दुसरी कर्जत व बोरघाटाकडे. प्राचीन काळी जो सांधा समुद्रमार्ग व घाटमार्ग यांचा होता, तोच आता लोहमार्गांचा झाला. परंतु या दोन्ही शाखा नदीखोऱ्यांच्या आधारानेच घाटापर्यंत जातात. कर्जतकडील शाखा बदलापूर ते नेरळ या भागात उल्हासच्या सखल पूरमैदानातून जाते. सपाट प्रदेशात रुळांसाठी मातीचा भराव घालावा लागतो, आणि त्या भरावातून पाणी जाण्यासाठी मोऱ्या व लहान पूल ठेवावे लागतात. मोरी लहान पडली की भराव हा बांधाचे काम करतो. एका बाजूस पाणी तुंबते, आणि अखेर खडी व माती वाहून जाऊन रूळ अधांतरी राहतात. उल्हास खोऱ्यातील प्रत्येक मोठ्या पुरात हा प्रकार कोठे ना कोठे घडलेला आहे.

लोहमार्गामुळे बंदराचे महत्त्व ओसरले, पण नगराची वाढ मात्र तत्काळ झाली नाही. १९०१ च्या शिरगणतीत कल्याणची लोकसंख्या पावणेअकरा हजारांच्या आसपास होती. खरे परिवर्तन दुसऱ्या महायुद्धानंतरचे आहे. युद्धकाळात कल्याणजवळ उभारलेल्या लष्करी छावणीत फाळणीनंतर सिंधी निर्वासितांना आश्रय देण्यात आला, आणि १९४९ साली त्या वसाहतीस नदीच्या नावावरून उल्हासनगर हे नाव मिळाले. मागोमाग अंबरनाथ, डोंबिवली, बदलापूर येथे कारखाने व वसाहती वाढल्या. १९८३ साली कल्याण-डोंबिवली महानगरपालिका स्थापन झाली. २०११ च्या जनगणनेत या महानगरपालिकेची लोकसंख्या १२ लाख ४७ हजारांच्या घरात गेली. एकशेदहा वर्षांच्या अवधीत झालेली ही वाढ नुसती संख्येची नव्हे. नवागत रहिवाशाने जागा घेतली ती उपलब्ध होती म्हणून व परवडणारी होती म्हणून. ती जागा आजवर रिकामी का राहिली होती, हे त्याला सांगणारे कोणी नव्हते.

वालधुनी नदीचे उदाहरण या दृष्टीने बोलके आहे. मलंगगडाच्या बाजूच्या डोंगरांतून निघून अंबरनाथ, उल्हासनगर व कल्याण यांच्या मधून वाहणारी आणि खाडीस मिळणारी ही लहानशी नदी आहे. हिच्याच काठी शके ९८२ मध्ये, म्हणजे इ. स. १०६० मध्ये, शिलाहारांच्या राजवटीत अंबरनाथचे शिवालय उभे राहिले. ते मंदिर साडेनऊशे वर्षांहून अधिक काळ नदीकाठी टिकून आहे. आजच्या नागरिकाला मात्र वालधुनी ही नदी आहे याचाच विसर पडला असून तिचा उल्लेख ‘नाला’ असा केला जातो. नाव बदलले की हक्कही बदलतात. नदीला पात्र असते, पूरमैदान असते. नाल्याला केवळ भिंती असतात. वालधुनीच्या काठाशी दाटलेल्या वस्त्या दर मोठ्या पावसात पाण्याखाली जातात, याचे मूळ या नामांतरातही आहे.

(४) २६ जुलै २००५

त्या दिवशी सांताक्रूझच्या वेधशाळेत २४ तासांत ९४४ मिलिमीटर पावसाची नोंद झाली. त्याच काळात कुलाब्यास केवळ ७३ मिलिमीटर पाऊस झाला. एकाच नगरीच्या दोन भागांत पडलेल्या या अंतरावरून, एखाद्या दूरच्या केंद्रावरील आकड्याच्या भरवशावर स्थानिक धोक्याचा अंदाज बांधता येत नाही, हे स्पष्ट होते. महाराष्ट्रात त्या काही दिवसांत पूर व दरडी यांमुळे एक हजाराहून अधिक माणसे मृत्यू पावली. कोकणात महाड परिसरातील जुई, दासगाव आदी गावांवर दरडी कोसळल्या.

उल्हास खोऱ्यात या पावसाने वर वर्णिलेल्या सर्व कारणांना एकाच वेळी गाठले. घाटाकडील पाणी नदीतून उतरत होते, वालधुनीसारखे लहान प्रवाह वस्त्यांतून फुगले होते, आणि खाडीत भरतीचे पाणी चढलेले होते. पौर्णिमा होऊन पाच दिवस लोटले असल्याने उधाणाचे शिखर मागे पडले होते. तरीही मुंबईच्या किनाऱ्यावर त्या दिवशी सुमारे साडेचार मीटरांची भरती होती. पूर ऐन उधाणात आला असता तर काय झाले असते, हा प्रश्न नगररचनेचा विचार करणाऱ्याने स्वतःस विचारून पाहण्यासारखा आहे. कल्याणच्या पुढील लोहमार्ग ठिकठिकाणी उखडले, घाटांतील वाहतूक कित्येक दिवस बंद राहिली, आणि ज्या शहराचे अस्तित्वच येण्याजाण्यावर अवलंबून, त्यातील चाकरमानी वर्ग मुंबईत व वाटेत अडकून पडला. घरी स्त्रिया, मुले व वृद्ध, आणि कर्ते माणूस चाळीस-पन्नास किलोमीटरांवर, ही उपनगरी जीवनाची रचनाच आपत्तीच्या वेळी एक स्वतंत्र दुर्बलता ठरते, हे त्या रात्री प्रथमच इतक्या मोठ्या प्रमाणावर प्रत्ययास आले.

या घटनेनंतर डॉ. माधवराव चितळे यांच्या अध्यक्षतेखाली सत्यशोधन समिती नेमण्यात आली व तिचा अहवाल २००६ साली सादर झाला. २००५ च्या डिसेंबरात आपत्ती व्यवस्थापनाचा केंद्रीय कायदा संमत झाला, आणि त्याअन्वये राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दल उभे राहिले. त्याच वर्षी मुंबई उच्च न्यायालयाने खारफुटीच्या तोडीस व तीवरील भरावास मनाई करणारा अंतरिम आदेश दिला, आणि २०१८ च्या अंतिम निर्णयात ती भूमिका कायम केली. मुंबई महानगरपालिकेने स्वयंचलित पर्जन्यमापकांचे जाळे उभारले. या सर्व गोष्टी स्वागतार्ह होत. तथापि त्यांतील बराचसा भाग मुंबई डोळ्यांसमोर ठेवून झाला. उल्हास खोरे हे एक जलशास्त्रीय एकक आहे आणि कर्जतपासून वसईपर्यंतच्या साऱ्या स्थानिक संस्थांनी त्याचा एकत्र विचार केला पाहिजे, ही जाणीव मागेच राहिली.

(५) २०१९ चे दोन प्रसंग

२६ जुलै २०१९ च्या रात्री मुंबईहून कोल्हापूरकडे निघालेली महालक्ष्मी एक्सप्रेस बदलापूर व वांगणी यांच्या दरम्यान पुराच्या पाण्यात अडकली. सुमारे १,०५० प्रवासी रात्रभर गाडीत होते. २७ जुलै रोजी राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दल, नौदल, वायुदल, रेल्वे व राज्य प्रशासन यांनी जवळच्या चामटोली आदी गावांतील लोकांच्या साहाय्याने सर्वांची सुटका केली. एकही प्राण गेला नाही. यात दोन धडे आहेत. पहिला असा की, प्रवाशांनी गाडीतून उतरू नये ही सूचना योग्य होती व ती पाळली गेली. वाहत्या पाण्यात, तेही अंधारात, पाऊल टाकण्यापेक्षा उंच व स्थिर जागी थांबणे अधिक सुरक्षित असते. दुसरा असा की, जो मार्ग उल्हासच्या पूरमैदानातून जातो हे एकोणिसाव्या शतकापासून ज्ञात आहे, त्या मार्गावर रात्रीच्या वेळी, नदी चढत असताना, गाडी पुढे सोडावी की नाही हे ठरविण्यासाठी नदीच्या पातळीची वार्ता वेळीच हाती असावयास हवी. पहिला धडा सुटकेचा आहे, दुसरा प्रतिबंधाचा. आणि सुटकेचे यश प्रतिबंधाच्या उणिवेवर पांघरूण घालण्यासाठी वापरले जाऊ नये.

त्याच वर्षी ४ ऑगस्ट रोजी खडवलीजवळील जू-नांदखुरी या गावातील ५८ लोकांना वायुदलाच्या हेलिकॉप्टरने बाहेर काढावे लागले. त्याच पावसाळ्यात कल्याण-मुरबाड रस्त्यावरील म्हारळ, वरप, कांबा या गावांत पाणी शिरले, व रायते येथील उल्हासवरील पुलावरून वाहतूक बंद झाली. सातवाहनकालीन व्यापाऱ्यांचे तांडे नाणेघाटाकडे ज्या दिशेने जात, त्याच दिशेस जाणारा हा मार्ग होय. घाटाकडे जाणाऱ्या वाटेवर पावसाळ्यात नदी उतरावयास मिळेलच असे नाही, हे त्या तांड्यांना ठाऊक होते. आधुनिक प्रवाशास ते दर वर्षी नव्याने शिकावे लागते.

(६) इतर पुरांची साक्ष

१२ जुलै १९६१ रोजी बांधकाम पूर्ण न झालेले पानशेत धरण फुटले, त्या लोंढ्याने खडकवासला धरणही फुटले, आणि पुणे शहराच्या नदीकाठच्या पेठा पाण्याखाली गेल्या. धरण धोक्यात आहे याची कल्पना काही जणांना आदल्या दिवसापासून होती. पण ती पेठांतील सामान्य माणसापर्यंत वेळेवर आणि विश्वासार्ह रीतीने पोहोचली नाही. इशारा कोठे तरी असणे आणि तो घराघरांत असणे, या दोहोंत जे अंतर असते तेच अंतर प्राण घेते, हा पानशेतचा धडा होय. २४ जुलै १९८९ रोजी रायगड जिल्ह्यात अंबा नदीकाठच्या जांभूळपाड्यावर पुराने जो घाला घातला, त्याने कोकणातील लहान नदीही किती अल्पावधीत गाव उद्ध्वस्त करू शकते हे दाखविले.

२००६ च्या ऑगस्टमध्ये सुरत शहरावर आलेली आपत्ती कल्याणला अधिक जवळची आहे. सुरतही भरतीच्या टप्प्यातील जुने बंदर, आणि तिच्या वरच्या अंगास तापीवर उकाईचे धरण. जलाशय भरल्यावर सोडावे लागलेले प्रचंड पाणी व समुद्राची भरती या दोहोंच्या कैचीत ते शहर सापडले. उल्हास खोऱ्यातही बारवी व भातसा ही धरणे आहेत, आणि भिवपुरीच्या वीजकेंद्रातून १९२२ पासून घाटापलीकडील ठोकरवाडी जलाशयाचे पाणी या खोऱ्यात उतरते. ही धरणे पाणी पुरविण्यासाठी बांधलेली आहेत, पूर थोपविण्यासाठी नव्हेत. पाणीपुरवठ्यासाठी जलाशय भरलेला हवा आणि पूर सामावण्यासाठी तो रिकामा हवा. या विरोधामुळे पावसाळ्याच्या उत्तरार्धात वरून येणारे पाणी जसेच्या तसे खाली सोडण्यावाचून गत्यंतर राहत नाही. म्हणून विसर्गाची वेळ व भरतीची वेळ यांचा मेळ घालणे येथे विशेष अगत्याचे ठरते.

युरोपातील दाखला द्यावयाचा तर १९५३ च्या जानेवारीअखेर उत्तर समुद्रात उधाण व वादळ एकत्र येऊन हॉलंडमध्ये अठराशेहून अधिक माणसे बुडाली. त्या राष्ट्राने लगोलग समिती नेमून नदीमुखांवर बांध, दरवाजे व भरती-अडथळे यांची जी योजना हाती घेतली, ती पुरी होण्यास चार दशकांहून अधिक काळ लागला. कल्याणने हॉलंडचे अनुकरण करावे असे यातून निघत नाही. निघते ते एवढेच की, आपत्तीची स्मृती जागती ठेवून तीन पिढ्या एकाच कामास लावणे हे शक्य असते.

(७) निष्कर्ष

महाराष्ट्रातच याचे एक साधे व अनुकरणीय उदाहरण आहे. कोल्हापुरात पंचगंगेवरील राजाराम बंधाऱ्याची इशारा पातळी ३९ फूट व धोका पातळी ४३ फूट आहे, हे तेथील दुकानदारापासून विद्यार्थ्यापर्यंत प्रत्येकास ठाऊक असते. सांगलीत आयर्विन पुलाच्या पातळीविषयीही तेच म्हणता येईल. पाणी किती फुटांवर गेले म्हणजे कोणती गल्ली बुडते, याचा हिशेब लोकांच्या तोंडी आहे. २०१९ साली कोल्हापुरातील पाणी ५५ फुटांच्या पुढे गेले व हा हिशेबही अपुरा पडला. तरी पातळीची भाषा सर्वांची होती म्हणून इशाऱ्याचा अर्थ कळण्यास वेळ लागला नाही. उल्हास नदीचीही बदलापूर येथे इशारा पातळी १६.५० मीटर व धोका पातळी १७.५० मीटर अशी निश्चित केलेली आहे. परंतु कल्याणातील वालधुनीकाठच्या किंवा खाडीकाठच्या रहिवाशाच्या लेखी हा आकडा म्हणजे काय? बदलापुरास पाणी १७.५० मीटरांवर गेले असता किती तासांनी, भरती असल्यास किती व ओहोटी असल्यास किती, त्याच्या उंबऱ्याशी पाणी येईल, हे त्याला सांगितले जात नाही तोवर तो आकडा कार्यालयाच्या नोंदवहीतच राहणार.

पूररेषेचीही गोष्ट अशीच आहे. राज्याच्या पाटबंधारे खात्याने १९८९ साली काढलेल्या परिपत्रकात निळी व लाल अशा दोन पूररेषांची कल्पना मांडली : सरासरी २५ वर्षांतून एकदा येऊ शकणाऱ्या पुराची निळी रेषा व तिच्या आतील निषिद्ध क्षेत्र, आणि १०० वर्षांतून एकदा येऊ शकणाऱ्या पुराची लाल रेषा व दोहोंमधील नियंत्रित क्षेत्र. ही कल्पना शास्त्रशुद्ध आहे. पण ती नकाशावर आहे, भिंतीवर नाही. १०० वर्षांतून एकदा, याचा अर्थ पुढील शंभर वर्षे निश्चिंत असा नव्हे. दर वर्षी शंभरात एक एवढी शक्यता, असा आहे. त्याखेरीज जमिनीवर काँक्रीट चढत गेले की तोच पाऊस अधिक मोठा पूर आणतो, म्हणजे जुनी रेषाही कालबाह्य होते. खाजणात किंवा वालधुनीच्या काठी घर घेणाऱ्यास ते घर कोणत्या रेषेच्या आत आहे हे खरेदीखताबरोबरच समजले पाहिजे, आणि २००५ व २०१९ चे पाणी जेथवर चढले त्या उंचीची खूण शाळा, स्थानके, पूल, देवालये यांच्या भिंतींवर कोरली गेली पाहिजे. हे काम खर्चाचे नाही.

खाजणाच्या बांधांच्या इतिहासातून निघणारा धडा या सर्वांचा पाया ठरू शकतो. जुन्या व्यवस्थेत तीन गोष्टी एकत्र होत्या : पाण्याला वाट होती, वस्ती उंचावर होती, आणि बांध राखण्याचे दायित्व कोणाचे हे ठरलेले होते. आजच्या कल्याणमध्ये पहिल्या दोन गोष्टी बऱ्याच अंशी गमावल्या गेल्या आहेत व त्या पूर्वस्थितीत आणणे सर्वत्र शक्य नाही. तिसरी मात्र अद्याप हाती आहे. वालधुनीचे पात्र, खाडीमुखावरील उघाड्या, रेल्वेच्या भरावातील मोऱ्या, रायत्याचा पूल आणि धरणांचे विसर्ग हे निरनिराळ्या खात्यांच्या अखत्यारीत आहेत. पण पाणी खाती ओळखत नाही. कर्जत ते वसई या खोऱ्यासाठी पावसाळ्यापूर्वी एकत्र बसणारी, पावसाळ्यात भरतीचे कोष्टक व विसर्गाचे वेळापत्रक शेजारी ठेवून पाहणारी आणि पावसाळ्यानंतर झाल्या प्रकाराची नोंद करणारी एक जबाबदार व्यवस्था असणे, हीच आधुनिक काळातील बांधाची राखण होय.

दोन हजार वर्षांपूर्वी कल्याणच्या बंदरात गलबत आणणारा नाविक भरतीची वेळ पाहूनच नांगर उचलत असे. त्याच खाडीकाठी आज बारा लाखांहून अधिक माणसे राहतात. त्या नाविकास जे ज्ञान उपजीविकेसाठी अपरिहार्य होते, ते यांना जीवितासाठी अपरिहार्य आहे. आणि ते पुन्हा लोकांच्या हाती देणे हे कल्याणच्या इतिहासाच्या अभ्यासकाचेही कर्तव्य आहे.